टपावरचे साणे

सांताक्रूझ हे गाव महाराष्ट्रातल्या वर्तमानपत्र वाचणाऱ्या प्रत्येक माणसाला न पाहताच ठाऊक असते. मुंबईचे हवामान म्हणून जे दोन आकडे छापून येतात, त्यांतला एक कुलाब्याचा आणि दुसरा सांताक्रूझचा. वेधशाळेची ही दोन ठाणी म्हणजे एकाच घरातल्या दोन सुनाच! कुलाबा समुद्राच्या कुशीतला, त्यामुळे स्वभावाने मवाळ. सांताक्रूझ मात्र तापले तर तापणार आणि बरसले तर बरसणार. 26 जुलै 2005 हा दिवस आठवावा. त्या दिवशीच्या चोवीस तासांत कुलाब्याला 73 मिलिमीटर पाऊस झाला, आणि सांताक्रूझला 944! एकाच शहराच्या दोन टोकांना एकाच दिवशी ही तफावत. ज्यांनी तो दिवस उपनगरात काढला, त्यांना आकडा सांगावा लागत नाही. ते नुसते ‘सव्वीस जुलै’ म्हणतात आणि गप्प बसतात.

नावाचे म्हणाल तर ते पोर्तुगीज. ‘सांता क्रूझ’ म्हणजे पवित्र क्रूस. पण पूर्वेकडच्या भागाचे सातबाऱ्यातले नाव विचाराल तर ते अस्सल देशी, कोळे-कल्याण. या कोळे-कल्याणात आता विमानतळ आहे, विद्यापीठ आहे, वाकोल्याचा पूल आहे आणि पुलाखाली अखंड वाहणारी माणसे आहेत. विमाने डोक्यावरून जातात म्हणून पुष्कळ ठिकाणी इमारतींना उंच होण्याची परवानगी नाही. सगळी मुंबई आकाशात चढत असता इथली कित्येक घरे चार मजल्यांवरच थांबलेली दिसतात. त्यांच्या गच्च्यांवर पत्र्याच्या छपऱ्या, निळ्या ताडपत्र्या आणि डांबराचे पट्टे. उन्हाळ्यात ऊन कसे अडवावे आणि पावसाळ्यात पाणी कसे अडवावे, या दोनच प्रश्नांभोवती इथल्या छपरांचे सारे आयुष्य फिरते.

अशा या सांताक्रूझमध्ये, चालत्या गाडीच्या छपराला असलेल्या एका भोकापायी आमचे 2025 चे दोन आठवडे गेले. त्याचीच ही हकीकत.

वाकोल्याच्या बाजूला आमचे साडू राहतात. आमच्या सौभाग्यवतींच्या थोरल्या भगिनीचे यजमान. आम्ही त्यांना भाऊ म्हणतो. ते आम्हांला, मराठीचा प्राध्यापक असूनही, मास्तर म्हणतात. एका विमान कंपनीच्या कार्यशाळेत पस्तीस वर्षे काढून ते निवृत्त झाले. निवृत्त माणसे देवळात जातात, बागेत जातात, फार तर नातवंडांना शाळेत पोचवतात. भाऊंनी एक जुनी टेंपो ट्रॅव्हलर विकत घेतली, सीटा काढून टाकल्या, आणि तिच्यात दोन पलंग, एक ओटा, पाण्याची टाकी आणि टपाला हवा खेचणारा एक पंखा असे चालते घर बसवून घेतले. अशा गाड्यांना कॅरॅव्हॅन म्हणतात. महाराष्ट्र शासनाने 2021 साली कॅरॅव्हॅन पर्यटनाचे धोरण जाहीर केले, तेव्हा भाऊंनी ते कात्रण सोसायटीच्या सेक्रेटरींना नेऊन दाखवले. सेक्रेटरींनी ते शांतपणे वाचले आणि विचारले, “यात दोन गाड्यांची जागा अडवायची परवानगी कुठे दिली आहे?”

गाडीचा खरा उपयोग सुचवला तो आमच्या सासूबाईंनी. त्यांना सगळे माई म्हणतात. वय अठ्ठ्याहत्तर, जोडीला दमा. त्यांचे सासर बार्शी तालुक्यातले. तिथले माळवदाचे जुने घर अर्धे खचले आहे आणि भाऊबंदांनी ते पाडायचे ठरवले होते. माईंचे म्हणणे एवढेच की, पाडण्यापूर्वी एक रात्र तिथे राहायचे. घरात झोपणे धोक्याचे. गावात खोली भाड्याने मिळण्यासारखी नाही. तालुक्याच्या गावी मिळाली तरी जिने चढणे त्यांना जमत नाही. तेव्हा घरासमोरच्या अंगणात गाडी उभी करायची आणि माईंनी त्यात निजायचे, असे ठरले. आणि नेमका त्याच आठवड्यात टपावरचा पंखा बंद पडला.

तुम्ही म्हणाल, एक पंखा बंद पडला तर त्यात काय मोठेसे? गाडीला खिडक्या नाहीत का? खिडक्या आहेत. पण पत्र्याची गाडी दिवसभर सोलापूरकडच्या उन्हात उभी राहिली म्हणजे तिचे टप तव्यासारखे तापते. गरम हवा हलकी असते, ती वर जाऊन टपाखाली साठून राहते. खिडकी असते कमरेच्या उंचीला. त्यात दोन माणसांचा श्वास, श्वासातला ओलावा, ओट्यावर केलेल्या चहाची वाफ, गॅसचा धूर, हे सगळे वरच कोंडते. त्या कोंडीला वाट हवी ती वरूनच. वातानुकूलनाचे यंत्र लावावे तर त्याला विजेची जोडणी हवी, नाहीतर रात्रभर जनरेटर चालवायला हवा. आणि जनरेटर म्हटले की भाऊ एकदम गंभीर होतात. डिसेंबर 2024 मध्ये केरळातल्या वडकरा येथे रस्त्याकडेला उभ्या असलेल्या एका कॅरॅव्हॅनमध्ये दोन माणसे मृत सापडली. जनरेटरमधून निघालेला कार्बन मोनॉक्साइड आत शिरला होता, असे तपासात दिसून आले. या वायूला ना रंग ना वास. झोपलेल्या माणसाला तो उठवत नाही, उलट अधिक गाढ झोपवतो.

“म्हणून तर पंखा हवा,” मी म्हटले.

“अर्धं बरोबर,” भाऊ म्हणाले. “पंखा हवाच. पण पंखा म्हणजे वायूवरचा उतारा नव्हे. तो आतली हवा बाहेर ओढतो, म्हणजे तेवढीच हवा कुठून तरी आत यायला हवी. खिडक्या बंद ठेवल्यात तर ती दाराच्या फटीतून येईल, तळाच्या भोकांतून येईल, आणि खाली इंजिन किंवा जनरेटर चालू असेल तर त्याचा धूरसुद्धा घेऊन येईल. तेव्हा नियम दोन. झोपताना इंजिन बंद, जनरेटर बंद. आणि पंखा लावला की लांबची एक खिडकी उघडी. विमानातसुद्धा हवा नुसती भरून चालत नाही, मास्तर; ती सोडायला झडप असते.”

हा पंखा चालतो 12 व्होल्टवर, गाडीतल्या बॅटरीवर. पुऱ्या वेगाला तो अडीच अँपिअर वीज ओढतो. आठ तास चालला तर हिशेबाने 20 अँपिअर-तास. भाऊंची घरातल्या उपयोगाची वेगळी बॅटरी आहे 100 ची. म्हणजे रात्रभर पंखा फिरून सकाळी दिवा लागायला कसलीच अडचण नाही. इतक्या थोड्या खर्चात माईंचा श्वास मोकळा राहणार होता. फक्त पंखा फिरायला हवा होता.

भाऊंनी मल्टीमीटर लावून पाहिले. फ्यूज शाबूत, तारांतून पूर्ण वीज येत होती, पाती हाताने ढकलली तर करकरत अर्धा फेरा घेऊन थांबत होती. दोष मोटरमध्ये. वरचे प्लॅस्टिकचे झाकणही उन्हाने पिवळे पडून तडकले होते. मोटर पिशवीत घालून आम्ही रिक्षाने निघालो ते कलिन्याच्या सी. एस. टी. रोडला.

या रस्त्याच्या नावाची एक गंमत आहे. नवख्या माणसाला वाटते, हा रस्ता बोरीबंदरच्या स्थानकाकडे जात असेल. त्या स्थानकाचे नाव 1996 साली सी. एस. टी. झाले आणि 2017 पासून ते सी. एस. एम. टी. आहे. रस्त्याचे सी. एस. टी. त्याहून पुष्कळ जुने, सेंट्रल साल्सेट ट्रामवेचे. ट्रॉम्ब्याहून कुर्ल्यावरून अंधेरीपर्यंत जाणारा हा छोटा लोहमार्ग 1928 साली सुरू झाला आणि 1934 साली बंदही पडला. रूळ गेले, गाड्या गेल्या. उरली ती तीन अक्षरे, आणि त्यांचा अर्थ विचारणारेही आता फारसे उरले नाहीत.

रस्त्याच्या एका अंगाला विद्यापीठाची विद्यानगरी. तिथे आम्ही मंडळी अनुस्वार आणि अलंकार यांची चिकित्सा करतो. आणि तसेच पुढे मिठी नदीच्या, कुर्ल्याच्या दिशेने गेले की मोटारींचा बाजार लागतो. आरसे, दिवे, सीटांची कव्हरे, भोंगे, जुन्या गाड्यांची सुटी केलेली दारे, टांगलेली चाके. एखादी गाडी या रस्त्याच्या एका टोकाने विद्रूप होऊन शिरली तर दुसऱ्या टोकाने नवरी होऊन बाहेर पडेल. इतकी वर्षे मी या रस्त्याने विद्यापीठात जातो-येतो. पण इथल्या ज्ञानशाखेशी माझा परिचय झाला तो त्या दिवशी.

आम्हांला तिघा दुकानदारांनी ‘नाही’ म्हटले आणि तिघांनीही एकाच माणसाकडे बोट दाखवले. गल्लीच्या तोंडाशी स्टुलावर बसलेले, पांढरी दाढी राखलेले एक वृद्ध कारागीर. सगळे त्यांना चाचा म्हणत. चित्रपटातल्या नटनट्यांसाठी ज्या व्हॅनिटी व्हॅन असतात, त्यांच्या टपांवरची कामे त्यांनी अनेक वर्षे केली होती. त्यांनी मोटर हातात घेतली, उलटी केली, आसाजवळचा तांबूस गंज नखाने खरवडला आणि म्हणाले, “साब, ये पंखा उमर से नहीं मरा. पानी से मरा है.”

भाऊ चमकले. गाडी गळत असल्याचे त्यांना कधीच जाणवले नव्हते.

“टपकेगा तो मालूम पड़ेगा,” चाचा म्हणाले. “ये अंदर-अंदर पीता है.”

नुसती मोटर बदलून उपयोग नव्हता. सगळा संचच नवा हवा होता. चाचांनी पहिला प्रश्न विचारला तो भोकाच्या मापाचा. या पंख्यांची मापे ठरलेली असतात: अमेरिकन घडणीच्या पंख्याला 14 इंची चौरस भोक, युरोपी घडणीच्या कित्येकांना 40 सेंटिमीटरचे. भाऊंचे 14 इंची निघाले. दुसऱ्या दिवशी चाचांनी एका ओळखीच्या गाडी बांधणाऱ्याकडून तसा संच आणवला, आणि रविवारी, 18 मे रोजी सकाळी, ते स्वतः वाकोल्याला हजर झाले. सोसायटीच्या आवारात शिडी लागली. गॅलऱ्यांत प्रेक्षक जमले. सेक्रेटरी खाली आले, “किती वेळ चालणार?” असे विचारून तिथेच उभे राहिले.

पहिले काम, बॅटरीची जोडणी सोडवणे. मग आतून चौकटीची झालर आणि मच्छरजाळी काढली. तारा कापण्यापूर्वी कुठली कशाला होती याच्या चिठ्ठ्या बांधल्या. मग भाऊ आणि चाचा टपावर चढले. वजन एका जागी पडू नये म्हणून त्यांनी आधी प्लायवूडची फळी टाकली होती. आठ वाजता चढले, तरी नऊ वाजता टपाला हात लावता येईना. वरून दर थोड्या वेळाने विमान जाई, आणि तेवढा वेळ दोघेही बोलणे थांबवून नुसते हातवारे करत.

जुनी चौकट उचलली आणि चाचांचे निदान खरे ठरले. भोकाच्या कडेने जी लाकडी पट्टी बसवलेली असते, तिचा मागचा कोपरा काळा पडून भुसभुशीत झाला होता. पत्र्यावर गंजाची नक्षी उठली होती. पूर्वी कुणीतरी चौकटीच्या कडेने भरपूर सिलिकॉन फासले होते. ते वर्षभराच्या उन्हात एका बाजूने सुटले, आणि त्या केसाएवढ्या फटीतून प्रत्येक पावसाळ्यात थोडे थोडे पाणी आत जात राहिले. खाली कधी थेंब पडला नाही, कारण लाकूडच ते पीत होते. लाकूड प्यायचे थांबले तेव्हा पाणी मोटरकडे गेले.

पुढचे दोन तास नुसते साफसफाईत गेले. पत्रा ओरखडू नये म्हणून प्लॅस्टिकच्या पत्रीने जुने सिलिकॉन कणाकणाने खरवडायचे. सिलिकॉनचा दुर्गुण हा की, त्याचा अंश राहिला तर त्यावर पुढे दुसरे काहीच धड चिकटत नाही. मग स्पिरिटने पुसायचे, गंज घासून त्यावर रंगाचा हात द्यायचा, कुजलेली पट्टी काढून नवी बसवायची. मला वाटले होते की, पंखा बदलणे म्हणजे पंखा बदलणे. प्रत्यक्षात पंख्याचे काम होते अर्ध्या तासाचे. बाकी सारे कडेचे.

रंग सुकल्यावर नव्या चौकटीच्या खाली ब्यूटाइलची चिकट टेप चारही बाजूंनी लावली. टपाला जिथे लांब खाचा होत्या तिथे आधी त्या भरून घेतल्या. नाहीतर चौकट कड्यांवर टेकते आणि खाचांतून पाण्याला राजमार्ग मिळतो. स्क्रू आवळले ते समोरासमोरचे, कर्णरेषेत, थोडे थोडे करून. एकच बाजू घट्ट केली तर दुसरी उचलते. टेप चारही बाजूंनी सारखी बाहेर डोकावली तेव्हा चाचा थांबले. भाऊ अजून एक पिळा देणार तोच त्यांनी हात धरला. फार आवळले तर सगळी टेप पिळून बाहेर येते आणि आत धरायला काही उरत नाही. शेवटी प्रत्येक स्क्रूच्या डोक्यावर आणि साऱ्या कडेवर आपोआप पसरून सपाट होणारे सीलंट ओतले.

तारा जोडल्या, बटण दाबले. पंखा फिरला! गॅलऱ्यांतून टाळ्या पडल्या. पण भाऊंच्या मेहनतीला टाळ्यांपेक्षा पुरावा प्रिय. त्यांनी ताईंकडून उदबत्ती मागवली. मागची खिडकी उघडी ठेवून उदबत्ती पंख्याखाली धरली, तर धूर वर जाण्याऐवजी खाली पसरला. नव्या पंख्याच्या तारांचे रंग जुन्यांशी जुळत नव्हते, त्यामुळे जोडणी उलटी झाली होती. या मोटरींचे असेच असते. धन-ऋण उलट झाले तर त्या बंद पडत नाहीत, निमूटपणे उलट्या फिरतात. डोळ्यांना पंखा फिरताना दिसतो आणि आपण समाधानाने झोपतो. तारा बदलल्या. मग मात्र धुराची रेघ सरळ वर गेली, पात्यांत शिरली आणि वाकोल्याच्या आकाशात नाहीशी झाली. सेक्रेटरी म्हणाले, “आमच्या बाथरूमचा पंखासुद्धा एकदा असा बघायला हवा.”

सीलंट पुरते घट्ट व्हायला काही दिवस कोरडे मिळायला हवेत, आणि पावसाला अजून तीन आठवडे आहेत, असा सगळ्यांचा हिशेब होता. सांताक्रूझने तो चुकवला. त्याच आठवड्यात वळीव कोसळू लागला, आणि 26 मे रोजी मोसमी पाऊस मुंबईत दाखल झाल्याचे वेधशाळेने जाहीर केले. नेहमीची तारीख 11 जून. म्हणजे 16 दिवस आधी! 1950 पासूनच्या नोंदींत इतक्या लवकर तो कधीच आला नव्हता. भाऊंनी पहिल्या सरींच्या वेळी गाडीवर ताडपत्री बांधली होती. 26 तारखेला त्यांनी ती मुद्दाम सोडली. आठ दिवस झाले होते, आता परीक्षा होऊ दे, म्हणाले. रात्री मुसळधार पावसात छत्री घेऊन गाडीत गेले आणि चौकटीच्या चारही कोपऱ्यांना टिपकागद लावून बसले. पहाटे त्यांचा फोन आला. इतक्या पहाटे फोन वाजला म्हणजे माणूस दचकतो, मी उचलला तर पलीकडून एकच शब्द, “कोरडे!”

मग पाऊस थबकला. जूनच्या पहिल्या आठवड्यात नुसता उकाडा उरला, तेव्हा आम्ही निघालो. पुणे, इंदापूर, टेंभुर्णी, कुर्डुवाडी असे करत तिसऱ्या प्रहरी माईंच्या गावी पोचलो. घर खरोखरच खचले होते. पण मधल्या खोलीचे माळवद अजून उभे होते, आणि त्याला मधोमध एक हातभर रुंदीचे साणे होते. देशावरच्या मंडळींना साणे सांगायला नको. धुराला बाहेर जायला आणि उजेडाला आत यायला छपरात ठेवलेले ते भोक. चूल पेटली की धूर त्यातून जायचा. दुपारी उन्हाचा कवडसा भिंतीवरून सरकत जायचा आणि बायका त्यावरून वेळ सांगायच्या.

माई दारातच उभ्या राहून वर पाहत होत्या. मग सांगू लागल्या. लग्न होऊन आल्या त्या वर्षी सासूबाईंनी पहिले काम शिकवले ते साण्याचे. पावसाआधी माळवदावर नवी माती घालायची, ती साण्याच्या कडेला वरवंट्याने ठोकून उंच करायची, म्हणजे पाणी आत न येता बाजूने जाईल. आभाळ आले की फरशी सरकवून साणे झाकायचे, उघडीप झाली की काढायचे. “आमचे मालक गेल्यावर कुणी कडेला माती घातली नाही,” त्या म्हणाल्या. “घर भोकानं नाही पडलं. कड सुटली तिथून पडलं.”

भाऊंनी माझ्याकडे पाहिले. आम्ही दोघेही काही बोललो नाही.

रात्री गाडी अंगणात उभी केली. इंजिन बंद, मागची खिडकी बोटभर उघडी, पंखा मध्यम वेगावर. आम्ही बाहेर बाजेवर पडलो होतो. माईंना रात्री दोन-तीनदा उठून बसावे लागते, पाठ चोळावी लागते, म्हणून ताई कान देऊन जागी होती. मध्यरात्र झाली, मग दोन वाजले. आतून पंख्याची बारीक घरघर आणि माईंचा संथ श्वास, एवढेच ऐकू येत होते. त्या उठल्या त्या थेट उजाडल्यावर, आणि पहिला प्रश्न केला तो माझ्याकडे पाहून, “जावईबापू, वरचं झाकण उघडंच होतं का हो रात्रभर? पाऊस आला असता म्हणजे?”

“मी उठून बंद केलं असतं, माई.”

“मग ठीक,” त्या म्हणाल्या.

दिवाळीच्या तोंडावर ते घर आता उतरवले गेले आहे. माईंनी तिथून काही मागितले नाही. साण्यावरची फरशी तेवढी मागून घेतली आणि वाकोल्याच्या गॅलरीत तुळशीखाली ठेवली. दसऱ्याला भाऊंनी गाडीला झेंडूचा हार घातला आणि शिडी लावून टपावर चढले. एके ठिकाणी सीलंटला नखाएवढी चीर दिसली, तिथे त्यांनी पुन्हा थेंबभर ओतले. वर्षातून दोनदा, पावसाआधी आणि पावसानंतर, त्या कडेवरून बोट फिरवायचे, असा त्यांनी नियम केला आहे. आणि ‘मे’ व ‘ऑक्टोबर’ अशी दोन पाने भिंतीवरच्या कॅलेंडरात दुमडून ठेवली आहेत.